राजाची उडी

"वाच की रं पुढं," बिरूमामा म्हणाला.

मी हळदीच्या पोत्यावर उकिडवा बसून चार पानांचं एक पत्रक मोठ्यानं वाचत होतो. वर जाड अक्षरात छापलं होतं, 'बुद्धिबळ : नवशिक्यांसाठी ओळख'. भोवती जेवणाच्या सुट्टीतले दहा-बारा हमाल. त्यात नवशिका म्हणावा असा कुणी नव्हता. सगळ्यात नवखा मी, आणि मलाही खेळायला लागून सहा वर्षं झाली होती.

"'प्यादे आपल्या पहिल्या चालीत एक किंवा दोन घरे पुढे जाऊ शकते,'" मी वाचलं.

"दोन?" गुंडू सनगर घास तोंडात ठेवूनच ओरडला. "प्याद्याला कधीपासनं सायकल मिळाली?"

"गप ऐक. सरकारी प्यादं असंल," मामा म्हणाला.

"'प्यादे शेवटच्या रांगेत पोचल्यास खेळाडू त्याचा वजीर, हत्ती, उंट किंवा घोडा करू शकतो.'"

"म्हंजे घोड्याच्या घरात पोचलं तरी वजीर?"

"व्हय."

"ही तर वशिलेबाजी झाली," गुंडू म्हणाला. आमच्याकडं प्यादं ज्याच्या घरात पोचेल तेच व्हायचं. हत्तीच्या घरात हत्ती, घोड्याच्या घरात घोडा.

"'राजा कोणत्याही दिशेने एक घर चालतो.'"

"हां. आणि उडी?"

"उडी न्हाई लिहिलेली, मामा."

"मागच्या पानावर बघ."

"मागच्या पानावर सायकलच्या दुकानाची जाहिरात हाय."

मामानं क्षणभर विचार केला. "मग छापायची राहिली असंल," तो म्हणाला आणि तंबाखू मळायला लागला.

राहिली नव्हती. त्यांच्या खेळात उडी नव्हतीच. आमच्या खेळात राजाला डावात एकदा, एकदाच, घोड्यासारखी अडीच घरांची उडी मारता यायची. अट एवढीच की तोवर त्याला शह बसलेला नसावा. एकदा शह बसला की उडी गेली. मामाला हे त्याच्या चुलत्यानं शिकवलं, चुलत्याला कुणी शिकवलं ते मामाला माहीत नव्हतं. आमच्या देशात जुनी माणसं सगळीकडं असंच खेळायची, हे मला फार वर्षांनी पुस्तकं वाचायला लागल्यावर कळलं. त्या दिवशी मात्र मला आमची लाज वाटली. अडाण्याला लाज फार लवकर वाटते, आणि ती कुणाची वाटायला पाहिजे हे फार उशिरा कळतं.

पत्रक मार्केट यार्डात आलं त्याला कारण होतं. गावात बुद्धिबळाचं एक मंडळ होतं. डॉक्टर बापट त्याचे सचिव, दातांचे डॉक्टर. दर उन्हाळ्यात मंडळाची स्पर्धा व्हायची. आम्हा हमालांना त्यात कुणी बोलावलं नव्हतं आणि आम्हीही कधी गेलो नव्हतो. त्या वर्षी नगरपालिकेनं हमाल वसाहतीच्या समाजमंदिरात पोरांसाठी बुद्धिबळाचा वर्ग मंजूर केला. बारमाही, सकाळ-संध्याकाळ, शिकवणाऱ्याला महिन्याचा पगार. माणूस मंडळानं नेमायचा होता. डॉक्टर स्वतः यार्डात आले. हळदीची धूळ उडत होती म्हणून नाकाला रुमाल लावून उभे राहिले, माझ्या हातात ते पत्रक दिलं आणि रुमालातूनच म्हणाले, "तुमच्यातलाच माणूस घेऊ. स्पर्धेत या. तुमच्यापैकी जो सगळ्यात वर राहील, त्याला वर्ग."

तिघांनी नावं दिली. मी, गुंडू आणि बिरूमामा.

मला ती जागा हवी होती. यात लपवायचं काय? मी चोवीस वर्षांचा होतो आणि सकाळी अंथरुणातून उठताना मला भिंत धरावी लागायची. सातवी शिकलेला यार्डात मी एकटा. रद्दीत येणारा प्रत्येक कागद वाचणारा मी, आणि दिवसभर माझ्या पाठीवर दुसऱ्याची हळद. वर्ग मिळाला तर मी सरळ उभा राहून भाकरी खाणार होतो.

मामाचंही तेच. फक्त त्याचं अठ्ठावन्नाव्या वर्षी. आदल्या दिवाळीत थप्पीवरचं पोतं घसरून त्याच्या कमरेवर आलं होतं. मणका सरकला. तेव्हापासून तो पोतं पाठीवर घेत नव्हता, फक्त माझ्यासमोर उभा राहून दोन कोपरे धरायचा. मी दोन कोपरे धरायचो आणि मिळून तिसऱ्याच्या पाठीवर द्यायचो. त्याच्या बाजूचा भार मी गुपचूप माझ्याकडं ओढून घ्यायचो. हमालांच्या टोळीनं त्याला ठेवून घेतलं होतं. ठेवून घेतलंय हे टोळीला माहीत होतं, मला माहीत होतं, आणि सगळ्यात जास्त त्याला माहीत होतं. यंदाचा पावसाळा झाला की म्हातारा घरी बसणार, असं लोक त्याच्यामागं बोलायचे. घरी त्याची बायको, सारजामावशी होती. तिच्या दम्याच्या औषधाला घरी बसलेला माणूस काही कामाचा नव्हता.

तर जागा एक आणि गरजू दोन. तिसरा गुंडू. तो जत्रेला निघाल्यासारखा येणार होता.

स्पर्धेला तीन आठवडे होते. ज्यानं मला राजा कुठला आणि वजीर कुठला हे बोट धरून शिकवलं, त्याला मी रोज दुपारी नव्यानं खेळ शिकवायला लागलो. आमच्या सोंगट्या सागवानी, कुणा सुतारानं केलेल्या. पांढरी बाजू यार्डात राहून राहून पिवळी झालेली. पाट म्हणजे वखारीच्या फळीवर कोळशानं आखलेली चौसष्ट घरं.

"राजाला खिडकी ठेवायची, मामा," मी सांगायचो. "किल्लेकोट केला की राजा तीन प्याद्यांच्या मागं बसतो. समोरचा हत्ती शेवटच्या रांगेत उतरला की कोंडून मरतो. म्हणून एक प्यादं आधीच सरकवून ठेवायचं."

"उडी मारंल की."

"उडी न्हाई, मामा!"

"हां, हां. न्हाई." आणि चार चालींनी मामाचा राजा टुण्णदिशी प्याद्यांच्या डोक्यावरून बाहेर.

"मामा!"

"अरं, हात जातोय आपोआप. चाळीस वर्षं गेलाय."

आम्हा सगळ्यांचाच हा रोग. आम्ही कधी खिडकी ठेवायला शिकलोच नव्हतो. वेळ आली की राजा उडी मारतो, मग भिंतीला भोक कशाला पाडायचं? तिसऱ्या आठवड्यात मी मामाला म्हटलं, "डाव्या हातानं खेळा. उजव्याला खोड हाय." मामानं दोन दिवस डाव्या हातानं खेळून बघितलं आणि म्हणाला, "लहू, अशानं मी जेवायचं पण विसरंन." पण शिकला. खरं सांगतो, माझ्याआधी शिकला. शेवटच्या चार दिवसांत त्याचा राजा एकदाही उडाला नाही, आणि प्यादी दोन-दोन घरं अशी पळायला लागली, जशी काही जन्मापासून तशीच पळत होती.

मंडळाची जागा म्हणजे एक लांब दिवाणखाना होता. पंखे, पांढऱ्या चादरी घातलेली टेबलं, प्रत्येक पाटाशेजारी दोन तोंडांचं घड्याळ. चाल झाली की आपल्या बाजूचं बटण दाबायचं. चाली कागदावर लिहायच्या. मामाला लिहिता येत नव्हतं. पंच देसाई मास्तर म्हणून एक होते, भला माणूस. त्यांनी मामाला लिहिण्याची सूट दिली. बाकीच्यांनी आमच्याकडं बघितलं. आम्ही साबण लावून लावून हात धुतले होते, पण हळद नखांतून जात नाही. पहिल्या डावात मी एका वकिलाचा पांढरा उंट मारून बाजूला ठेवला, तर वकिलानं तो उचलून माझ्या बोटांचा पिवळा ठसा रुमालानं पुसला. दुसऱ्या वेळीही पुसला. तिसऱ्या वेळी मी त्याचा वजीर मारला आणि मुठीत नीट चोळून मग त्याच्यासमोर ठेवला. तो डाव मी जिंकलो.

गुंडूचं काय व्हायचं ते दुसऱ्याच डावात झालं. कॉलेजातल्या एका मुलानं त्याला कोंडीत धरला आणि गुंडूनं राजा उचलून अडीच घरं टाकला. मुलानं हात वर केला. देसाई मास्तर आले.

"ही चाल होत नाही," ते म्हणाले. "राजा परत ठेवा. आणि राजाला हात लावलाय तेव्हा आता राजाच चालावा लागेल."

"पण त्याला अजून शह बसला न्हाई की, साहेब," गुंडू कळवळून म्हणाला.

शेजारच्या टेबलावरून डॉक्टर बापट मोठ्यानं हसले. "राजा आहे की बेडूक?"

सगळा दिवाणखाना हसला. गुंडूही हसला. त्याचा स्वभावच तसा. "बेडूकच हाय, डॉक्टर," तो म्हणाला. "तुमच्यासारखे दात न्हाईत त्याला." राजा परत ठेवला, एक घर चालवला आणि पुढच्या चालीला मात खाऊन चहाच्या टेबलाकडं गेला. मी हसलो नाही. ज्यांच्या चुलत्या-आज्यांनीही कधीतरी हीच उडी मारली असणार, ती माणसं आज पाटाला पांढरी चादर घातली म्हणून आमच्यावर हसत होती. पण तेव्हा हे बोलायला माझ्याकडं शब्द नव्हते. फक्त राग होता.

मामा माझ्या बाजूनं गेला तेव्हा हळूच म्हणाला, "डोकं तापवू नको. डाव बघ."

दोन रविवार असे गेले. शेवटच्या डावाआधी फळ्यावर गुण लागले. गुंडू तळाशी. मी आणि मामा सारख्या गुणांवर, बरोबर मध्यावर. खाली जोड्या लिहिल्या होत्या. सातवं टेबल : लहू सनदी, बिराप्पा ओलेकर.

आम्ही दोघांनी तो फळा एकदमच वाचला. म्हणजे मी वाचला आणि मामानं माझं तोंड वाचलं.

"आपलीच जोडी का?" त्यानं विचारलं.

"व्हय."

"बरं झालं," मामा म्हणाला. "दुसऱ्याच्या हातनं कळण्यापेक्षा."

डावात पहिला तासभर आम्ही एकमेकांच्या तोंडाकडं बघितलं नाही. पंख्याचा आवाज आणि घड्याळाची टकटक. पांढरी मामाकडं होती. मी असा खेळलो जसा आयुष्यात कधी खेळलो नव्हतो. वजीर गेले, बरंच सैन्य गेलं. मग अशी वेळ आली की माझा हत्ती मोकळ्या रांगेत उभा राहिला आणि मला दिसलं : पुढच्या चालीला हत्ती शेवटपर्यंत उतरला की मात. मामाचा राजा आपल्याच तीन प्याद्यांमागं बसला होता. खिडकी नव्हती. माझा घोडा पुढं उभा राहून उरलेली वाटही राखत होता.

एक चाल. मामाच्या हातात एकच चाल होती. मला समाजमंदिराचं दार दिसत होतं, आणि त्या दारात मी, स्वच्छ सदऱ्यात.

मामानं बराच वेळ घेतला. कमरेवर हात ठेवून जरा मागं रेलला, चेहरा आवळला, परत पुढं आला. मग त्याचा उजवा हात उठला, राजाला उचललं, प्याद्यांच्या डोक्यावरून अडीच घरं नेऊन ठेवलं आणि बटण दाबलं.

मी बघत राहिलो.

हात तसाच बटणावर. मग मामानं तो विस्तवावरून घ्यावा तसा मागं घेतला आणि दुसऱ्या हातात धरून मांडीवर ठेवला. त्यानं माझ्याकडं बघितलं.

आता मी काय करायचं ते सोपं होतं. हात वर करायचा. देसाई मास्तर दहा पावलांवर होते. ते राजा परत ठेवायला लावणार. हात लागलाय म्हणून राजाच हलवावा लागणार. राजाला हलायला दोन घरं, एक कोपऱ्यातलं, एक अलीकडचं, आणि दोन्हीकडं माझ्या हत्तीची मात. हात वर केला की वर्ग माझा.

डॉक्टर बापट दोन टेबलं पलीकडं कुणाशी तरी बोलत उभे होते. बेडूक म्हणून हसायला त्यांना दोन पावलं यावी लागली असती.

मी हात वर केला नाही. पेन्सिल घेतली आणि माझ्या कागदावर मामाची चाल लिहिली. राजाची नाही. प्याद्याची लिहिली. सरळ खोटी. मग आमच्या यार्डातल्यासारखा खेळायला लागलो. उडी मारून राजा थेट माझ्या घोड्याच्या अंगावर आला होता. घोड्यावर आधी मामाच्या उंटाची नजर होतीच, आता दोघांची झाली, आणि घोडा हलवावा तर त्याच्या मागचा हत्ती उघडा पडत होता. मी हत्ती खाली आपटला. आता ती मात नव्हती, नुसती रिकामी खोली होती. घोडा पडला. मामाचा राजा मैदानात उतरला आणि एक प्यादं हाताशी धरून चालत निघाला. तिथून तिसाव्या मिनिटाला मी माझा राजा आडवा केला.

"झालं?" देसाई मास्तर म्हणाले.

"झालं," मी म्हणालो.

मामा काही बोलला नाही. डॉक्टरांनी फळ्यावर मामाचं नाव लिहिलं, सगळ्यांसमोर म्हणाले, "बिराप्पा, अभिनंदन. सोमवारी किल्ली घेऊन जा." लोकांनी टाळ्या वाजवल्या. मी सगळ्यात मोठ्यानं वाजवल्या.

परत येताना गुंडू एकटाच बडबडत होता. "मामा, आता तुमाला सर म्हणायचं का?" मामा कमरेवर हात ठेवून खाली बघून चालत होता. वसाहतीच्या तोंडाशी वेगळं होताना तो थांबला, माझ्याकडं वळला, तोंड उघडलं आणि नुसतंच म्हणाला, "येतो."

पुढच्या तीन दिवसांतल्या माझ्याबद्दल आता लिहायला मला आवडत नाही, पण लिहितो. मी मोठा माणूस झालो होतो. कुणाला काही सांगितलं नाही, पण चालताना मान वेगळीच धरत होतो. एका म्हाताऱ्याला मी जन्माची भाकरी दिली होती. मंगळवारी सकाळी मामा धुतलेलं धोतर नेसून, टोपी सरळ करून समाजमंदिराकडं जाताना यार्डाच्या दारावरून गेला. मला बघून थांबला. मी पोतं उचलत होतो. मी बघितलं आणि न बघितल्यासारखं केलं. मला वाटत होतं, यानं येऊन काहीतरी बोलावं. पाया पडावं असं नव्हे, पण काहीतरी. माझ्यासमोर आता दुसरा जोडीदार होता, पंचविशीतला, धडधाकट. तो त्याचा भार पूर्ण उचलत होता आणि मला तेही आवडत नव्हतं. दान केलं की माणूस असा कुजायला लागतो. मी तीन दिवसांत कुजलो.

गुरुवारी जेवणाच्या सुट्टीत मामा आला. सगळे "या सर, बसा सर" करायला लागले. पोरं किती, ऐकतात का, असं विचारायला लागले.

"बावीस हायेत," मामा म्हणाला. "त्यातली सात उंट चोखत बसतात." मग तो माझ्यासमोर आला. "लहू, पाट काढ."

"मी जेवतोय."

"जेवून काढ."

मी काढला. तो फळीपलीकडच्या पोत्यावर कमर सांभाळत हळूच टेकला आणि सोंगट्या मांडायला लागला. सुरुवातीच्या मांडणीत नव्हे. एक हत्ती इथं, एक उंट तिथं, माझा घोडा पुढं, त्याचा राजा तीन प्याद्यांमागं. एकेक घर बोटानं मोजत, ओठ हलवत. लिहिता न येणाऱ्या माणसानं चार दिवस डोक्यात तो डाव जसाच्या तसा धरून ठेवला होता.

मी ओळखला.

"मामा, कशाला?"

"थांब." त्यानं शेवटचं प्यादं ठेवलं. मग सगळ्यांना ऐकू जाईल असं बोलला. "ऐका रं. रविवारी या डावात मी राजाची उडी मारली. त्या खेळात ती चालत न्हाई. बटण दाबलं आणि मला कळलं. लहूला तर माझ्याआधी कळलं होतं. त्यानं हात वर केला न्हाई. आणि मी पण गप बसलो."

गुंडूनं पहिल्यांदा काही विनोद केला नाही.

"तुझं मला कळतंय," मामा मला म्हणाला. "तू पोरगं हायस. तुला माझी कमर दिसली. माझं मला कळत न्हाई. मी साठीला आलो आणि फुकटचं घेऊन गप बसलो. ती पोरं मला विचारत्यात, सर, राजाला किती घरं? मी सांगतो, एक. आणि माझी जीभ जड पडती. मंगळवारपासनं घास उतरत न्हाई."

"मी काय मागितलं का तुमच्याकडं?" माझा आवाज चढला. "द्यायचं होतं म्हणून दिलं."

"तू कोण देणारा?" मामाचाही चढला. आयुष्यात पहिल्यांदा तो माझ्यावर ओरडला. "तुला काय वाटलं, मला ती उडी सोडून चाल सापडलीच नसती? इतका म्हातारा झालो मी? खेळ तू मला शिकवलास, का मी तुला?"

त्यानं बंडीच्या खिशातून समाजमंदिराची किल्ली काढून फळीच्या कडेला ठेवली.

"चाल माझी हाय. राजाला हात लागलाच न्हाई असं धरायचं. त्यांच्या नियमानं खेळायचं. तू जिंकलास तर किल्ली तुझी, मी आजच डॉक्टरला जाऊन सांगतो काय झालं ते. आणि लहू, आज जर तू दया केलीस ना, तर या यार्डात तुझं तोंड बघणार न्हाई. देवाशप्पथ."

"न्हाई करणार," मी म्हणालो.

आणि केली नाही. हे मी अगदी ठासून सांगतो, कारण पुढं जे झालं त्यावर लोक माझ्याकडं बघून गालात हसायचे, की लहूनं परत सोडला. नाही सोडला. किल्ली माझ्या हातापासून वीतभर होती. पितळी, मोठी, दोरीत ओवलेली. मला ती चार दिवसांपूर्वीपेक्षा जास्त हवी होती. माझा सगळा दानशूरपणा मामानं दोन वाक्यांत काढून घेतला होता आणि आता आत फक्त भूक उरली होती. खिडकी करायला त्याला एक चाल लागणार. तेवढ्या चालीत मी हत्ती सावरून घेणार, घोडा सोडवून घेणार. सगळं मी तीन दिवस, खोटं कशाला बोलू, झोपताना मनातल्या मनात खेळून बघितलं होतं.

मामानं कडेचं प्यादं उचललं आणि ठेवलं. एक घर नाही. दोन घरं.

मी फळीवर वाकलो.

खिडकी झाली होती. माझी मात गेली, ते ठीकच. पण ते प्यादं दोन घरं पुढं येऊन माझ्या प्याद्याला भिडलं होतं, आणि माझं ते प्यादं म्हणजे माझ्या घोड्याचा एकुलता एक आधार. एक घर सरकवलं असतं तर नुसती खिडकी झाली असती. दोन घरं सरकवल्यावर खिडकीही झाली आणि घोड्याच्या पायाखालची फळीही निघाली. आमच्या जुन्या खेळात ही चाल अस्तित्वातच नव्हती. ही मी त्याला महिन्याभरापूर्वी पत्रकातून वाचून दाखवली होती. मी वाचली. तो शिकला.

"आई घो!" गुंडू मागं पुटपुटला.

"गप," सगळे म्हणाले.

मी सगळं करून बघितलं. हत्ती खाली आपटला, राजा खिडकीतून सरकला. घोडा वाचवायला गेलो तर प्यादं गेलं, प्यादं वाचवायला गेलो तर घोडा. मी एकदा इतका वेळ घेतला की कुणीतरी म्हणालं, "लहू, हळद सडंल." मामा मात्र शांत होता. इतका वेळ पोत्यावर बसून कमर दुखत असणार, पण चेहऱ्यावर काही नाही. मधेच एकदा त्यानं माझी एक चाल बघून मान हलवली. "चांगली हाय ही," म्हणाला. खरंच चांगली होती. त्यानं मी आठ चाली जास्त जगलो.

शेवटी त्याचं तेच कडेचं प्यादं शेवटच्या रांगेत पोचलं. हत्तीच्या घरात.

"काय करू रं याचं?" मामानं विचारलं.

"वजीर करा की," मी म्हणालो. "त्यांच्यात चालतंय."

"केला."

मी माझा राजा आडवा केला नाही. मामानं मात करेपर्यंत बसलो. ते मी त्याला द्यायचं नव्हतं, ते त्याचंच होतं.

एकदम सगळे बोलायला लागले. मी त्या पाटाकडं बघत होतो. म्हणजे रविवारी मी हात वर केला नाही, कागदावर खोटी चाल लिहिली, तीन दिवस मान ताठ करून हिंडलो. आणि ज्याला मी भाकरी दिली असं समजत होतो, त्याच्याच ताटातली ती भाकरी होती. हात जरा आपोआप गेला नसता तर त्यानं मला रविवारीच, पांढऱ्या चादरीवर, सगळ्या गावासमोर हरवलं असतं. मी त्याला काहीच दिलेलं नव्हतं. उलट त्याचे चार दिवस खाल्ले होते.

मला हसू यायला लागलं. आधी थोडं, मग आवरेना. मामानं माझ्याकडं डोळे बारीक करून बघितलं आणि तोही हसायला लागला. हसताना त्याची कमर दुखली तसा "आई गं" म्हणाला आणि परत हसला. मी उठून त्याच्या काखेत हात घालून त्याला पोत्यावरून उभा केला. धोतराच्या मागं पिवळा डाग पडला होता.

"मावशी ओरडंल," मी म्हणालो.

"ओरडू दे. डाग दाखवून सांगीन, तुझ्या लहूला लोळवला तिथला हाय."

बाहेर ट्रकनं हॉर्न दिला. नवा जोडीदार मला हाका मारायला लागला. मामानं फळीवरची किल्ली उचलली, दोरी बोटाला गुंडाळली, खिशात घातली आणि वरून थोपटली.

"आता झाली माझी," तो म्हणाला.